क्रौंचाच्या चोचीतली गोफण

नर्सरीत ‘जिरेनियम’ म्हणून लाल फुलांची जी कुंडी मिळते, आणि महाराष्ट्रातले काही शेतकरी तेलासाठी जे सुगंधी जिरेनियम लावतात, ती दोन्ही खरं म्हणजे पेलार्गोनियम. मूळची दक्षिण आफ्रिकेची. वनस्पतींच्या शास्त्रीय नावांची पद्धत घालून देणाऱ्या लिनियसने ती जिरेनियममध्येच घातली होती. १७८९मध्ये लेरितिए या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञाने त्यांना वेगळं काढलं, पण बाजाराने जुनं नाव काही सोडलं नाही. ग्रीक भाषेत ‘गेरानोस’ म्हणजे क्रौंच आणि ‘पेलार्गोस’ म्हणजे करकोचा. याच कुळातल्या एरोडियम नावाच्या झाडाच्या वाट्याला बगळा आला. तिन्ही नावं पडली ती फळाच्या लांब चोचीवरून.

मी राहतो त्या न्यू जर्सीत खरं रानजिरेनियम ओकच्या विरळ सावलीत आपसूक उगवतं. नाव जिरेनियम मॅक्युलॅटम. उंची फूट-दोन फूट, पानं पंजासारखी फाटलेली. एप्रिल-मेमध्ये, डोक्यावर पानांचं छप्पर पुरतं दाटायच्या आत, ते जांभळट गुलाबी फुलतं. पाचही पाकळ्या सारख्या असतात. पेलार्गोनियमच्या वरच्या दोन पाकळ्या खालच्या तिघींहून वेगळ्या दिसतात. एवढी खूण ओळखायला पुरते.

फूल नीट पाहायचं तर दोन दिवस लागोपाठ पाहावं. आधी दहा पुंकेसर पिकून परागकण देतात, तेव्हा मधली कुक्षी मिटलेली असते. पराग संपत आल्यावर ती पाच बोटं पसरावीत तशी उघडते. आधी नर, मग मादी, त्यामुळे फुलाचा पराग त्याच फुलाच्या कुक्षीवर पडणं अवघड होतं. जमिनीत बीळ करणारी आंद्रेना डिस्टान्स नावाची एक मधमाशी तर पिलांसाठी पराग मुख्यतः याच फुलांवरून नेते.

पण खरी मजा फळात आहे. आपल्याकडे तेरड्याच्या बोंडाला बोट लावलं की ते फुटतं. तिथे जोर असतो पेशींत तट्ट भरलेल्या पाण्याचा. जिरेनियमचं उलट, इथे जोर येतो वाळण्यातून. चोचीच्या बुडाशी पाच कप्पे, प्रत्येकात एक बी, आणि प्रत्येक कप्प्याला चोचीच्या टोकापर्यंत गेलेली एक पट्टी. वाळताना पट्टीची बाहेरची बाजू आतल्या बाजूपेक्षा जास्त आकसते. पट्टी बाहेर वळू पाहते, पण चोचीच्या मधल्या दांडीला चिकटलेली असल्याने ताण साठत जातो. मग एका क्षणी ती सुटते, कप्प्यासकट वर उसळते आणि बी भिरकावते. शेताच्या माचाणावरची गोफणच म्हणा ना. कधी बी दहा फुटांपलीकडे जातं. मागे राहतं पाच वळलेल्या पट्ट्यांचं इवलंसं झुंबर.

पहिल्या वर्षी मला बिया मिळाल्याच नाहीत. सकाळी चोची शाबूत आणि ऑफिसातून येईपर्यंत सगळी झुंबरं! पुढच्या वर्षी तपकिरी होऊ लागलेल्या चोची कापून कागदी पिशवीत ठेवल्या. दोन दिवस स्वयंपाकघरात टक्, टक् चालू होतं.

बी रुजायला थंडी लागते. शरदात बाहेर पेरावं, नाहीतर ओल्या वाळूत दोन-तीन महिने फ्रीजमध्ये ठेवावं. त्यापेक्षा कंदाचा तुकडा लावणं सोपं. हा कंद टॅनिनमुळे कमालीचा तुरट असतो. इथले मूळ रहिवासी तो जुलाबावर देत. कोरड्या उन्हाळ्यात पानं पिवळी पडली म्हणून मी एकदा झाड मेलं समजून उपटलं. खाली बोटाएवढा जाड कंद टणक आणि ओलसर होता. गुपचूप परत पुरला.