घातांक मिळवायचे की गुणायचे?

‘सिद्ध करा’ म्हणून हमखास येणारं उदाहरण घ्या. क्ष च्या (अ − ब) व्या घाताचा (अ + ब) वा घात. तसंच ब-क आणि क-अ या जोड्यांचं. तिघांचा गुणाकार १. कंस सोडवताना घातांक गुणायचे, मग पदं एकत्र करताना मिळवायचे. मार्क जातात ते नेमके इथे. पण हा घोळ आठवीतल्या मुलांनी सुरू केलेला नाही.

संस्कृत गणितात ‘घात’ म्हणजे नुसता गुणाकार. वर्ग, घन, वर्गवर्ग (म्हणजे चौथा घात) इथपर्यंत अडचण नाही, कारण दोन अधिक दोन आणि दोन गुणिले दोन सारखेच. पुढे मात्र ‘वर्गघन’ म्हणजे सहावा घात, घनाचा वर्ग. मग पाचव्याला काय म्हणायचं? ‘वर्गघनघात’, म्हणजे वर्ग आणि घन यांचा गुणाकार. शब्द लांबला आणि घातांक एकाने उतरला! ‘घात’ जोडला तर घातांकांची बेरीज, नाही जोडला तर गुणाकार. ग्रीक आणि अरबी ग्रंथांत उलट: तिथे वर्ग आणि घन ही नावं शेजारी आली की सरळ पाचवा घात. खरं तर इ.स. ६२८ च्या एका ग्रंथात ‘पंचगत’, ‘षड्गत’ अशी स्वच्छ नावं होती. तीच टिकायला हवी होती. आपल्या पाठ्यपुस्तकांनी ‘घात’ उचलला, तोही अर्थ बदलून.

हा गुंता सुटला तो खुणेमुळे. १६३७ च्या एका फ्रेंच पुस्तकात अक्षराच्या डोक्यावर आकडा बसला, तरी वर्गासाठी तेच अक्षर दोनदा लिहिणं त्यात चालूच होतं. अपूर्णांक आणि ऋण घातांक त्याच शतकात रुळले. शून्य घातांक १४८४ च्या एका हस्तलिखितात आहे, पण ते छापलं गेलं १८८० मध्ये.

वरच्या उदाहरणाची शेवटची ओळ या शून्यावरच उभी आहे: तिन्ही घातांकांची बेरीज शून्य, आणि क्ष चा शून्यावा घात १. हा ठराव आहे. भागाकारात घातांक वजा करायचा नियम मोडू नये म्हणून केलेला. पुस्तकं तो सिद्ध केल्यासारखा मांडतात. शून्याच्या शून्याव्या घाताला १८२१ मध्ये पॅरिसच्या एका पाठ्यपुस्तकाने अनिश्चित रूपांच्या, म्हणजे एकच किंमत ठरत नाही अशा राशींच्या यादीत टाकलं, १८३४ मध्ये एका जर्मन लेखाने त्याला पुन्हा १ ठरवायचा प्रयत्न केला. ‘क्ष शून्य नाही’ ही अट म्हणूनच लागते, आणि प्रश्नपत्रिकेत बहुतेक वेळा तीच गाळलेली असते.