चलाचा लोप: दहावीच्या पहिल्या प्रकरणामागची मोजणी

दहावीच्या गणित भाग 1 मधलं पहिलंच प्रकरण दोन चलांतील रेषीय समीकरणांचं. एका चलाचा लोप करून दुसरं काढायची त्यातली रीत निदान दोन हजार वर्षं जुनी आहे. ‘नऊ प्रकरणे’ या प्राचीन चिनी ग्रंथात अशी अठरा उदाहरणं आहेत. पहिल्यात उत्तम, मध्यम आणि कनिष्ठ धान्याच्या पेंढ्या: 3, 2, 1 मिळून 39 मापं, 2, 3, 1 मिळून 34, 1, 2, 3 मिळून 26. आकडे काड्यांनी स्तंभांत मांडायचे. दुसऱ्या स्तंभाला तीनने गुणून त्यातून पहिला दोनदा वजा केला की उत्तम धान्य गळतं. उरतं 5 मध्यम, 1 कनिष्ठ, 24 मापं. आजही वर्गात हेच करतात.

आपल्याकडे ब्रह्मगुप्ताने (628) अनेक अव्यक्तांच्या (म्हणजे अज्ञात संख्यांच्या, आजच्या चलांच्या) समीकरणांचे नियम दिले. भास्कराचार्यांच्या ‘बीजगणिता’त (1150) तर अव्यक्तांना यावत्तावत्, कालक, नीलक अशी नावं आहेत. एक म्हणतो, ‘तू शंभर दे, मी तुझ्या दुप्पट श्रीमंत होईन’; दुसरा म्हणतो, ‘तू दहा दे, मी सहापट’. हे त्यातलंच कोडं. उत्तर 40 आणि 170.

पण दोन-तीन अव्यक्तांपर्यंत कुठलीही रीत चालते. लोपाला शिस्त लागली ती मोजणीदारांमुळे. जमीन मोजताना ते तिच्यावर त्रिकोणांचं जाळं कल्पतात; त्यात मोजलेले कोन कधीच तंतोतंत जुळत नाहीत. प्रत्येक कोनाची दुरुस्ती हा एक अव्यक्त, म्हणजे समीकरणांचा ढीग. जर्मन गणिती गॉसने 1810 मध्ये पॅलस या लघुग्रहाच्या कक्षेसाठी लोपाची पद्धतशीर मांडणी केली. ती भूमापनवाल्यांनी उचलली.

या कामाचा एक धागा नागपूरच्या वेशीपर्यंत येतो. 1802 मध्ये मद्रासहून महामोजणी, म्हणजे देशाचं त्रिकोणांनी केलेलं भूमापन, सुरू करणारा ब्रिटिश अधिकारी लॅम्बटन नागपूरकडे येताना 20 जानेवारी 1823 रोजी हिंगणघाटला वारला. पुढे त्रिकोणांचं जाळं एवढं वाढलं की सगळी समीकरणं हाताने एकदम सोडवणं अशक्य झालं. देशाचे पाच भाग करून ती एकेक करत सोडवली. नागपुरातला 1907 चा झिरो माईलचा खांब देशाचा मध्य म्हणून मिरवतो, पण तो याच महामोजणीची खूण. 1909 मध्ये देशभरच्या उंचींचं जाळं नऊ बंदरांच्या समुद्रपातळीवर जुळवलं. तिथेही पुन्हा समीकरणंच.

पाठ्यपुस्तकातली क्रेमरची पद्धत (1750) दिसायला देखणी, पण अव्यक्त वाढले की निश्चयक (सहगुणकांच्या चौकोनी मांडणीतून काढायची संख्या) सोडवता सोडवता नाकी नऊ येतात. लोपाच्याच गॉस-जॉर्डन पद्धतीतला जॉर्डनही अनेकांना वाटतो तो फ्रेंच गणिती कॅमिल नव्हे. तो विल्हेल्म जॉर्डन, जर्मन भूमापक. 1888 मध्ये ही पद्धत त्याने मोजणीदारांच्या हस्तपुस्तिकेत दिली.