पासिकिवी–केक्कोनेन धोरण

दुसऱ्या महायुद्धानंतर सोव्हिएत संघाशी जुळवून घेत स्वतःची लोकशाही राखण्यासाठी फिनलंडने चालवलेले परराष्ट्र धोरण. यूहो कुस्ती पासिकिवी (कार्यकाळ १९४६–५६) आणि ऊर्हो केक्कोनेन (१९५६–८२) या राष्ट्राध्यक्षांवरून हे नाव पडले.

सोव्हिएत संघाशी झालेल्या दोन युद्धांत फिनलंडने पूर्वेकडील कारेलिया प्रदेशाचा मोठा भाग गमावला. चार लाखांहून अधिक विस्थापितांचे पुनर्वसन आणि ३० कोटी डॉलरची युद्धभरपाई असा दुहेरी भार देशावर पडला. भरपाई १९५२ मध्ये फिटली. शेजाऱ्याच्या सुरक्षेची रास्त चिंता मिटवली, तर तो आपल्या घरात हात घालणार नाही, हा पासिकिवींचा हिशेब होता. मॉस्कोला दुखवायचे नाही म्हणून १९४७ मध्ये अमेरिकेच्या मार्शल योजनेची आर्थिक मदतही नाकारली गेली.

फेब्रुवारी १९४८ मध्ये स्टालिनने हंगेरी आणि रुमानियाशी केलेल्या लष्करी साहाय्याच्या करारांसारखाच करार सुचवला. पासिकिवी स्वतः मॉस्कोला गेले नाहीत. शिष्टमंडळाने मात्र फिनलंडचाच मसुदा बव्हंशी मान्य करून घेतला. ६ एप्रिल १९४८ च्या या मैत्री करारानुसार जर्मनी किंवा तिच्या मित्रराष्ट्रांनी फिनलंडमार्गे हल्ला केला तरच लष्करी मदतीचा प्रश्न येणार होता, आणि तोही परस्पर विचारविनिमयानंतर. महासत्तांच्या संघर्षापासून दूर राहण्याची फिनलंडची इच्छाही प्रस्तावनेत नोंदवली गेली. हरलेल्या देशाच्या दृष्टीने हे यश मोठेच म्हणायचे. हेलसिंकीजवळचा, युद्धानंतर ताब्यात घेतलेला पोर्क्काला लष्करी तळ सोव्हिएत संघाने १९५६ मध्ये परत केला.

या धोरणाची किंमत चुकवावी लागली ती देशांतर्गत राजकारणात. १९५८ मध्ये मॉस्कोने व्यापारी वाटाघाटी थांबवून पंतप्रधान फागरहोल्म यांच्या मंत्रिमंडळाला राजीनामा द्यायला लावला. ऑक्टोबर १९६१ मध्ये कराराच्या आधारे लष्करी सल्लामसलतीची मागणी करणारे सोव्हिएत पत्र आले, तेव्हा केक्कोनेन हवाई बेटांवर होते. पुढच्या महिन्यात सायबेरियातील नोव्होसिबिर्स्कला सोव्हिएत नेता ख्रुश्चेव्हला भेटून त्यांनी ती मागणी पुढे ढकलवली. दरम्यान राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीतील त्यांचे प्रतिस्पर्धी ओलावी होंका यांनी माघार घेतली आणि १९६२ मध्ये केक्कोनेन सहज निवडून आले. १९७३ मध्ये तर निवडणूक न घेता खास कायद्याने त्यांची मुदत चार वर्षांनी वाढवली गेली. मॉस्कोचा विश्वास ही त्यांची खाजगी मिळकतच होऊन बसली होती. ‘फिनलंडीकरण’ (बलाढ्य शेजाऱ्यापुढे नमते घेणे) हा हेटाळणीचा शब्द पश्चिम जर्मनीत रूढ झाला, तो याच काळात.

बाहेर मात्र वाट रुंदावत होती : १९५५ मध्ये संयुक्त राष्ट्रांचे सदस्यत्व, १९७३ मध्ये युरोपीय आर्थिक समुदायाशी व्यापार करार, १९७५ मध्ये हेलसिंकीत ३५ राष्ट्रांची सुरक्षा परिषद. मैत्री करार १९९२ मध्ये संपुष्टात आला. ४ एप्रिल २०२३ रोजी फिनलंड नाटोत दाखल झाला.