अर्काइव्ह फुटेज

पूर्वी दुसऱ्याच कामासाठी टिपलेली दृश्ये नव्या चित्रपटात, माहितीपटात किंवा बातमीत वापरली की त्यांना अर्काइव्ह फुटेज म्हणतात. वृत्तवाहिन्यांवर कोपऱ्यात झळकणारी ‘संग्रहित दृश्ये’ ही पट्टी म्हणजे त्याचे रोजचे रूप. विठ्ठलभाई झवेरी यांचा महात्मा गांधींवरील पाच तासांहून मोठा माहितीपट (1968) मुख्यतः अशाच जुन्या चित्रणावर उभा आहे. भारतात 1948 पासूनचे फिल्म्स डिव्हिजनचे वृत्तपट आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय (स्थापना 1964) हे दोन मोठे साठे. दोन्ही आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे आले आहेत.

फुटेज मिळवण्यापेक्षा ते नेमके कशाचे आहे हे ठरवणे अवघड. रिळाच्या डब्यावर लिहिलेले खरे असेलच असे नाही. दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ची (1913) म्हणून जी दृश्ये सर्रास दाखवली जातात, ती त्यांनीच 1917 मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची असावीत, असे काही अभ्यासक मानतात. तरी निवेदन ‘1913’ म्हणूनच पुढे सरकते! म्हणून जाणता संशोधक दुकानांच्या पाट्या, मोटारी, गणवेश, झाडांच्या सावल्या असे सगळे न्याहाळतो आणि त्या दिवसाच्या वर्तमानपत्राशी ताडून पाहतो.

मूकपटाच्या काळात कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवत. वेग साधारण सेकंदाला 16 चौकटी (फ्रेम), तोही हातासरशी बदलणारा. ते रीळ 24 च्या वेगाने चालवले की एका मिनिटाचा प्रसंग 40 सेकंदांत उरकतो आणि अंत्ययात्रासुद्धा लगबगीने चालू लागते. त्या काळची माणसे चालायची मात्र आपल्यासारखीच. दूरचित्रवाणीवर आणखी एक खोड: 4:3 (रुंदी:उंची) चे जुने चित्र 16:9 च्या रुंद पडद्यावर ताणतात. चेहरे फुगतात, चाके लंबगोल होतात. दोन्ही बाजूंना काळी पट्टी सोडलेली कितीतरी बरी.

भारतीय कायद्यानुसार चित्रपटावरील स्वामित्वहक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून 60 वर्षे टिकतो. तो संपला तरी चांगली प्रत ज्याच्या ताब्यात, त्याचे शुल्क चुकत नाही. संकलन वॉटरमार्कच्या (चित्रावर मालकाची खूण उमटवलेल्या) प्रतीवर होते. अंतिम कापणीत जेवढे सेकंद उरतात, तेवढ्यांचेच पैसे भरून मास्टर, म्हणजे खूण नसलेली उत्तम दर्जाची प्रत, घेतात. परवाना बहुधा ठरावीक मुदतीचा आणि ठरावीक देशांपुरता असतो. मुदत संपली आणि नूतनीकरणाला पैसे नसले, की तयार माहितीपट दाखवता येत नाही. तो डब्यातच राहतो.