७३ जागा म्हणजे ७० टक्के मते नव्हेत

डिसेंबर १९१८च्या ब्रिटिश सार्वत्रिक निवडणुकीत आयर्लंडमधल्या १०५पैकी ७३ जागा ब्रिटनपासून स्वातंत्र्य मागणाऱ्या सिन फेन पक्षाने जिंकल्या. त्यावरून ‘७० टक्के आयरिश जनतेने त्यांना मते दिली’ असे सर्रास सांगितले जाते. प्रत्यक्षात त्यांना पडली झालेल्या मतांपैकी सुमारे ४७ टक्के.

म्हणून बहुमत नव्हतेच, हा उलटा दावाही कच्चाच. त्यांच्या २५ जागा बिनविरोध होत्या. तिथे मतदानच झाले नाही, आणि हे बहुतेक त्यांचेच बालेकिल्ले!

‘सगळा आयर्लंड त्यांच्या मागे होता’ हेही खरे नाही. आजच्या उत्तर आयर्लंडच्या सहा परगण्यांत ३०पैकी २३ जागा युनियनवाद्यांकडे, म्हणजे ब्रिटनसोबतच राहू इच्छिणाऱ्यांकडे गेल्या. ब्रिटिश साम्राज्यात राहूनच स्वशासन मागणाऱ्या जुन्या आयरिश पार्लमेंटरी पक्षाच्या उरल्यासुरल्या सहा जागांपैकी पाच अल्स्टर या उत्तरेकडच्या प्रांतातच, त्याही बव्हंशी चर्चच्या मध्यस्थीने सिन फेनशी झालेल्या जागावाटपामुळे. अल्स्टरबाहेर त्यांनी राखले फक्त वॉटरफर्ड शहर.