दिवाळीचा किल्ला

सहामाही परीक्षा संपली की महाराष्ट्रातली पोरं अंगणात, वाड्याच्या चौकात, नाहीतर सोसायटीच्या पार्किंगच्या कोपऱ्यात मातीचा जो छोटा गड उभा करतात तो दिवाळीचा किल्ला. पुणे, सातारा, सांगली, कोल्हापूरकडे याचं वेड जरा जास्तच.

दगड-विटांचा ढीग रचायचा, त्यावर चिखलात बुचकळलेलं गोणपाट टाकायचं, मग चाळलेली लाल माती लिंपायची (चाळणी आईची, न विचारता उचललेली). हिरवळीला अळीव किंवा मोहरी पेरतात, अळीव भिजला की बुळबुळीत होतो म्हणून उतारावरही चिकटून राहतो आणि दोनतीन दिवसांत कोंब दिसायला लागतात. रस्ते रांगोळीचे, तळ्याला जुनं ताट, आणि कारंजं म्हणजे उंचावर ठेवलेला पाण्याचा डबा अन् सलाईनची नळी.

किल्ले दोन तऱ्हेचे. एक खऱ्याची नक्कल, म्हणजे राजगड केला तर बालेकिल्ला (सगळ्यात वरचा भाग) आणि सुवेळा, संजीवनी, पद्मावती या तिन्ही माच्या (त्याखालच्या तटबंदीच्या सोंडा) आल्याच पाहिजेत, रायगड केला तर टकमक टोक, म्हणजे कडेलोटाचा कडा, हवंच, किंबहुना पोरांचा सगळा जीव त्या टोकावरच असतो. दुसरा काल्पनिक, आणि खरी मजा इथेच आहे. वर सिंहासनावर महाराज, बाकी कायदे पोरांचे, मावळा दरवाज्यापेक्षा उंच, तोफेपेक्षा कोंबडी मोठी, गुहेत प्लास्टिकचा वाघ, पायथ्याशी बाजारात भाजीवालीच्या शेजारी चक्क जीप उभी, आणि विचारलं तर प्रत्येकाची स्टोरी तयार असते, भुयार कुठे निघतं, पहारेकरी झोपला तर काय वगैरे. किल्ला स्पर्धा आल्या की मोठी माणसं घुसतात, मापं बरोबर येतात आणि जीप गायब होते, हे काही बरं नाही.

हल्ली प्लास्टरचे रेडीमेड किल्लेही मिळतात, ते आणून नुसते ठेवायचे. जुलै 2025 मध्ये युनेस्कोने शिवरायांशी जोडलेले 12 खरे किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले, त्यातले 11 महाराष्ट्रातले आणि एक तमिळनाडूतला जिंजी.

दिवाळी संपली तरी बरेच जण तुळशीच्या लग्नापर्यंत किल्ला ठेवतात. मग काही ठिकाणी उरलेला सुतळी बॉम्ब भुयारात ठेवून किल्लाच उडवतात, मावळे तेवढे आधी काढून, धुऊन, पेपरात गुंडाळून माळ्यावर जातात, पुढच्या वर्षी लागतातच.