पोलादी पाईपची जोडणी : मानके आणि खानदेशातील वापर

पोलादी पाईपचे सांधे गळू नयेत आणि त्यांनी वजनही पेलावे, यासाठी आटे, फ्लँज (बोल्टने एकमेकींना जोडायच्या पोलादी चकत्या) व वेल्डिंग यांची मापे ठरवून दिलेली असतात. भारतात ही मानके भारतीय मानक ब्यूरोची; 'आयएस' क्रमांक त्यांचेच. खानदेशात त्यांचा सर्वांत कठीण कस लागतो तो ट्यूबवेलच्या कॉलम पाईपवर, म्हणजे पंपापासून पाणी वर आणणाऱ्या उभ्या पाईपवर. यावल-रावेरच्या केळी पट्ट्यात पाण्याची पातळी खोल गेली आहे आणि सबमर्सिबल पंप या पाईपांना टांगलेला असतो. ५० मिमी 'बी' क्लासचा, म्हणजे मध्यम जाडीचा पाईप मीटरला सुमारे ५ किलो भरतो. १०० मीटरला पाईपचे ५०० किलो, आतल्या पाण्याचे सव्वादोनशे, शिवाय पंप. हा सगळा भार सर्वांत वरच्या सॉकेटवर, म्हणजे दोन पाईप जोडणाऱ्या आतून आटे असलेल्या तुकड्यावर येतो.

पाईप आयएस १२३९ प्रमाणे तीन क्लासमध्ये मिळतो : 'ए' पिवळ्या, 'बी' निळ्या आणि 'सी' लाल पट्ट्याचा. ५० मिमी मापात जाडी अनुक्रमे २.९, ३.६ व ४.५ मिमी. आट्याची खोलीच दीड मिमीच्या आसपास असते, म्हणजे 'ए' क्लासमध्ये आटे पाडलेल्या जागी निम्मी किंवा त्याहून कमी जाडी उरते. पाईप बहुधा तिथेच तुटतो. म्हणून खोल ट्यूबवेलमध्ये 'ए' क्लास घालूच नये. वाचलेले पैसे पंप बाहेर काढण्यातच जातात.

आटे आयएस ५५४ चे : कोन ५५ अंश, उतार १६ ला १. १५ व २० मिमीला इंचात १४ आटे, २५ मिमीपासून पुढे ११. अमेरिकी एनपीटी आट्यांचा कोन ६० अंश असून १ ते २ इंच मापात इंचाला साडेअकरा आटे येतात. आयात यंत्राचा निपल (बाहेरून आटे असलेला आखूड पाईप) देशी सॉकेटमध्ये दोन-तीन फेरे छान जातो, मग अडकतो. पाना लावून तो जबरीने बसवला की आटे चिरडतात आणि सांधा कितीही टेप गुंडाळली तरी पाझरतो.

आटे पाडताना डाय (आटे कापणारे हत्यार) दोन-तीन वेळा फिरवावी, तेल सोडत राहावे, आतली कड घासून काढावी. ताग-सफेदा किंवा टेफ्लॉन टेप आट्यांच्या दिशेने गुंडाळावी. ५० मिमीचा सॉकेट हाताने साधारण सात फेरे, पुढे पान्याने दोन-तीन फेरे जावा. हातानेच तळापर्यंत गेला तर आटे जास्त कापले गेले आहेत; ते टोक कापून नव्याने आटे पाडावेत. पंप सुरू होताना बसणाऱ्या झटक्याने असा ढिला सांधा आणखी सुटत जातो.

फ्लँजची मापे आयएस ६३९२ मध्ये आहेत. रबरी पॅकिंग मध्यभागी बसवून बोल्ट समोरासमोरच्या जोडीने, थोडे थोडे आवळावेत. एकाच बाजूने आवळल्यास पॅकिंग दुसरीकडे सरकते.

१६८.३ मिमीपासून पुढच्या जलवाहिन्यांचा पाईप आयएस ३५८९ चा. तिथे टोके साधारण ३० अंशांत तासून, मध्ये दोन-तीन मिमी फट ठेवून वेल्डिंग करतात. फट न ठेवल्यास मुळाशी धातू उतरत नाही आणि बाहेरून सुबक दिसणारा सांधा दाबाला फुटतो. जी.आय. (जस्ताचा मुलामा दिलेला) पाईप वेल्ड करण्याआधी टोकाचे जस्त घासून काढावे, कारण त्याच्या धुराने वेल्डरला थंडी-ताप येतो. काम झाल्यावर उघड्या जागी जस्ताचा रंग द्यावा.